साग तुमचाच, पण ट्रकमधला नग तुमचा कशावरून?

तुमची हकीकत आधी थोडक्यात मांडतो. चंद्रपूर जिल्ह्यात वडिलोपार्जित शेत, त्यात वडिलांनी लावलेले साग. ३८ झाडांच्या तोडीची परवानगी रीतसर मिळाली. ठेकेदाराशी उक्ता सौदा झाला, झाडं पडली, नग (ओंडके) पाडले, यादी झाली. मग वाहतूक परवाना (टीपी) अडकला, कारण शेजारचा गट झुडपी जंगल (महसुली नोंदीत झुडपांची म्हणून लागलेली जमीन) आणि हद्दीवरच्या चार झाडांबद्दल वनपालाला शंका. ठेकेदाराला दम निघाला नाही. त्याने एका रात्री टीपीशिवाय ट्रक काढला आणि तो नाक्यावर अडकला. पंचनाम्यात ४१ नग. त्यातले नऊ बिनहातोड्याचे, म्हणजे हातोड्याचा ठसा नसलेले, दोन तर तुमच्या यादीतच नाहीत, आणि उरलेल्यांचं घनमान यादीपेक्षा जवळपास सव्वापट. माल आणि ट्रक सरकारजमा का करू नये, अशी नोटीस तुम्हाला, ठेकेदाराला आणि ट्रकमालकाला आली आहे. तुम्ही विचारता: जमीन माझी, झाडं माझी, परवानगी माझ्या नावावर, मग माझाच माल सरकार कसा घेऊ शकतं?

घेऊ शकतं. पण कुठल्या रस्त्याने घेऊ शकतं आणि कुठल्या रस्त्याने नाही, यात तुमचं सगळं प्रकरण आहे.

गेली कित्येक वर्षं मी ही 'मालकी प्रकरणं', म्हणजे खाजगी जमिनीतल्या झाडांची प्रकरणं, लढवतो आहे, आणि जवळपास प्रत्येक पक्षकार पहिल्या भेटीत सातबारा टेबलावर ठेवतो आणि हात जोडून बसतो, जणू काम झालं. सातबारा हवाच. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम २५ प्रमाणे धारणजमिनीतल्या झाडांचा हक्क धारकाचा, ते झाडाबद्दल. भांडण मात्र झाडाबद्दल नाही, ट्रकमधल्या नगाबद्दल आहे. नगाला सातबारा नसतो. तो तुमच्या शेतातल्या अमुक नंबरच्या झाडाचा आहे, हे दुसऱ्याच कागदांवरून दाखवावं लागतं, आणि ते दाखवण्याचा भार तुमच्यावर आहे. भारतीय वन अधिनियम, १९२७ चं कलम ६९ सांगतं की वनोपज सरकारचं की खाजगी असा प्रश्न उभा राहिला, तर उलट सिद्ध होईपर्यंत ते सरकारचंच समजायचं. शेतकऱ्याला हे उफराटं वाटतं. मलाही सुरुवातीला वाटायचं. पण सागाच्या दोन ओंडक्यांकडे बघून एक राखीव जंगलातला आणि एक बांधावरचा हे कोणी सांगू शकत नाही, म्हणून कायद्याने पारडं एका बाजूला झुकवून ठेवलं आहे.

आता दोन परवानग्यांमधला फरक. तोडीची परवानगी ही महाराष्ट्र वृक्षतोड (विनियमन) अधिनियम, १९६४ खाली मिळते. त्या कायद्याच्या अनुसूचीत साग, आंबा, फणस, मोह, चिंच, हिरडा, खैर, चंदन, बिजा, ऐन, किंजळ, जांभूळ अशी झाडं आहेत. ती स्वतःच्या जमिनीत असली तरी वृक्ष अधिकाऱ्याला विचारल्याशिवाय पाडता येत नाहीत. वाहतूक परवाना हा निराळ्या घरातून येतो: वन अधिनियमाचं कलम ४१ आणि त्याखालची महाराष्ट्र वन नियमावली, २०१४. पहिली परवानगी झाडाला हात लावायची, दुसरी माल हलवायची. पहिलीतून दुसरी आपोआप निघत नाही. मधे एक तपासणी आहे आणि तुमचा गाडा तिथेच रुतला आहे.

ती तपासणी जरा नीट समजून घ्या, कारण उत्तराचा मसाला तिथेच आहे. तोडीआधी प्रत्येक झाडाचा छातीच्या उंचीवरचा घेर मोजतात, नंबर टाकतात आणि बुडाशी, करवत लागेल त्याच्या खाली, हातोड्याचा ठसा मारतात. हेतू हा की झाड गेलं तरी थुट ठशासकट जमिनीत राहावं. मग झाडाचे नग पाडले की प्रत्येक नगावर झाडाचा नंबर आणि त्या झाडातला नगाचा क्रम येतो. लांबी आणि मधला घेर मोजून यादी होते. मालकाचा हातोडा पडतो, वनपाल किंवा वनपरिक्षेत्र अधिकारी थुटं आणि नग ताडून बघतात, खात्याचा हातोडा पडतो आणि मग टीपी फाटते. म्हणजे साखळी अशी: सातबारा, झाडाचा नंबर, थुट, नग, यादी, टीपी, ट्रक. यातली एक कडी जरी निखळली तरी कलम ६९ आत शिरतं.

तुमच्याकडे शेवटच्या दोन कड्या नाहीत. बाकीच्या शाबूत आहेत का, हे बघायला हवं.

खात्याला माल सरकारजमा करायचा असेल तर महाराष्ट्रात दोन वाटा आहेत आणि लोक त्यांची सर्रास गल्लत करतात. पहिली कलम ६१-ए ची. अधिकार दिलेला अधिकारी, सहायक वनसंरक्षक दर्जाच्या खालचा नसलेला, स्वतःच सुनावणी घेऊन माल आणि वाहन सरकारजमा करू शकतो. खटला, साक्षीपुरावे, शिक्षा यांची वाट बघायची गरज नाही. फौजदारी खटला आणि ही कारवाई स्वतंत्र आहेत, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्ये आंध्रच्या जी. व्ही. सुधाकर राव प्रकरणात सांगितलं आणि पुढे पश्चिम बंगालच्या गोपाल सरकार प्रकरणात पुन्हा तेच धरलं. पण आपल्या राज्याच्या ६१-ए मध्ये एक अट आहे आणि ती वाचायला लोक विसरतात: माल राज्य सरकारच्या मालकीचा असला पाहिजे. दुसरी वाट कलम ५५ ची. तिथे माल सरकारचा नसला तरी, म्हणजे तुमचा स्वतःचा असला तरी, वनगुन्हा झाला असेल तर तो आणि वाहन सरकारजमा होऊ शकतं. फक्त ते न्यायालयात, गुन्हा शाबीत झाल्यावर.

म्हणून नोटिशीच्या उत्तरातला तुमचा पहिला मुद्दा 'मी निर्दोष आहे' हा नसावा. 'हा माल सरकारचा नाही, म्हणून ६१-ए लागत नाही. टीपीशिवाय नेला असेल तर त्याचं उत्तर कलम ४१-४२ खाली न्यायालयात देऊ' हा असावा. आणि तो मुद्दा पुराव्यासकट पहिल्याच उत्तरात यायला हवा. अपिलात नवीन कागद काढले की समोरचा वकील एवढंच विचारतो, 'तेव्हा का नाही दिले?' त्यावर चांगलं उत्तर मला आजवर सापडलेलं नाही.

आता पुरावा. उद्या सकाळी वकिलाकडे जायच्या आधी शेतात जा. ३८ थुटं आहेत का मोजा. प्रत्येकाचा फोटो घ्या, वरून एक आणि हातोड्याचा ठसा दिसेल असा बाजूने एक, तारीख आणि ठिकाण दिसेल असे. नांगर घालू नका, थुटं खणू नका, काडीकचरा पेटवू नका. सागाच्या थुटाला पावसात इतके जोरात फुटवे येतात की दोन महिन्यांत ठसा शोधावा लागतो, आणि वाळवी कोणाच्या सुनावणीसाठी थांबत नाही. मग संयुक्त स्थळपाहणीचा लेखी अर्ज द्या: थुटं आणि जप्त नग समोरासमोर ताडून बघा, अशी मागणी करा. बुडाचा नग सहसा खोटं बोलत नाही. सागाचं बूड गोल नसतं, खोबणी आणि पन्हळी असलेलं असतं. करवतीची तिरपी रेघ, पोकळी, वेडावाकडा कडा, हे सगळं त्याच्या थुटावर जुळतं, दुसऱ्यावर जुळत नाही. एका प्रकरणात आम्ही थुटाच्या माथ्याचा आणि नगाच्या बुडाचा कागदावर कोळशाने ठसा घेऊन दोन्ही एकावर एक ठेवले होते. अधिकाऱ्याने चष्मा पुसून दोनदा बघितलं आणि नगांची संख्या आमच्या बाजूने लिहून घेतली. वरच्या नगांना ही सोय नाही. तिथे घेराचा उतार आणि लांब्यांची बेरीज यावर भागवावं लागतं.

घनमान सव्वापट आलं म्हणून घाबरलात, पण माझ्या मते तुमच्या प्रकरणातला हाच सर्वांत लेचापेचा आरोप आहे. वनखात्यात गोल लाकडाचं घनमान पारंपरिक 'पाव घेरा'च्या सूत्राने काढतात: मधल्या घेराचा चौथा भाग, त्याचा वर्ग, गुणिले लांबी. तीन मीटर लांब आणि ८० सेंटिमीटर घेराचा नग घ्या. पाव घेर ०.२०, वर्ग ०.०४, गुणिले तीन म्हणजे ०.१२ घनमीटर. तोच नग शुद्ध दंडगोल धरून मोजला तर ०.१५३ भरतो. एकच लाकूड, पण दुसऱ्या आकड्यात ते २७ टक्क्यांनी फुगलं. त्यात यादीवेळी साल काढून घेर घेतला असेल आणि नाक्यावर सालीसकट, तर आणखी भर. तेव्हा पंचनाम्याच्या मोजणीची शीट मागून घ्या आणि कोणतं सूत्र वापरलं, साल धरली का, घेर मध्यावर घेतला की बुडाशी, हे विचारा. तुमच्यासारखीच जवळपास सव्वापटीची तफावत एवढ्या एका प्रश्नाने विरघळलेली मी पाहिली आहे.

बिनहातोड्याचे नऊ नग मधल्या वजनाचे. ठसा पडलाच नाही, की वाळताना फुटला, की टोक कापून लांबी कमी करताना ठशासकट गेला? शेवटचं फार वेळा होतं. ट्रकच्या हौद्यात बसवायला ठेकेदाराची माणसं टोकं उडवतात. लांबी यादीपेक्षा दहा-पंधरा सेंटिमीटरने कमी भरत असेल तर हेच झालं असणार. उडवलेली टोकं शेतात पडली असतील तर गोळा करून ठेवा.

यादीबाहेरचे दोन नग ही खरी अडचण. इथे मी तुम्हाला गोड बोलणार नाही. ते जाड फांदीचे निघाले, जी यादीत जळाऊ म्हणून गेली होती, तर मार्ग आहे. ते तुमच्या ३८ पैकी कुठल्याच झाडाचे नसतील, तर ते 'माझे' म्हणून सांगू नका. ठेकेदाराने दुसरीकडचा माल तुमच्या मालात मिसळला असण्याची शक्यता मोठी आहे. रात्री ट्रक काढायची त्याला एवढी घाई का होती, हा प्रश्न मी तरी विचारला असता. दोन नगांसाठी ३९ नगांची विश्वासार्हता घालवू नका. उत्तरात स्वच्छ लिहा की या दोन नगांवर माझा दावा नाही, ते माझ्या यादीत नाहीत आणि ते ट्रकमध्ये कोणी चढवले हे मला माहीत नाही.

रात्रीबद्दल एक. कलम ४२ च्या दुसऱ्या पोटकलमात अशी तरतूद ठेवली आहे की गुन्हा सूर्यास्तानंतर आणि सूर्योदयाआधी झाला तर नियमांनी दुप्पट शिक्षा ठरवता येते. म्हणजे 'रात्री रस्ता मोकळा असतो म्हणून काढला' हे स्पष्टीकरण ठेकेदाराने स्वतःच्या जबाबदारीवर द्यावं. तुम्ही त्यात पडू नका.

आणि कोणी 'फळ्या चिरून न्या, मग टीपी लागत नाही' असा सल्ला दिला असेल तर तोही सोडा. हा गैरसमज सुरेश लोहिया प्रकरणातून पसरला आहे. १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आपल्याच राज्यातल्या त्या प्रकरणात बांबूची चटई ही वनोपज नाही, माणसाच्या श्रमातून बनलेली वेगळी वस्तू आहे, असं ठरवलं. ते चटईला लागू. इमारती लाकडाची व्याख्या मात्र कायद्यात अशी आहे की लाकूड चिरलेलं, घडवलेलं, पोखरलेलं असलं तरी ते लाकूडच. चिराण केलं की उलट थुटाशी ताडायची सोय जाते आणि तुमचाच पुरावा भुशात मिळतो.

ट्रकमालक. तो तुमचा मेहुणा, आणि तुमच्यावर चिडला आहे, पण त्याची लढाई त्याची आहे आणि ती तुमच्यापेक्षा अवघड आहे. ६१-बी प्रमाणे वाहन वाचवायचं तर फक्त 'मला माहीत नव्हतं' पुरत नाही. मालकाला, त्याच्या प्रतिनिधीला आणि वाहन ताब्यात असलेल्या माणसाला, म्हणजे चालकालाही, माहीत नव्हतं आणि तिघांनीही योग्य ती सगळी खबरदारी घेतली होती, हे दाखवावं लागतं. टीपी न बघता रात्री साग भरणाऱ्या चालकाबद्दल हे कसं दाखवणार? ट्रक अंतरिम सोडवण्यासाठी तो दंडाधिकाऱ्यांकडे सुपूर्दनाम्याचा (हमीवर तात्पुरत्या ताब्याचा) अर्ज करून बसला असेल, तर वेळ वाया घालवतो आहे. सरकारजमा करण्याची कारवाई सुरू झाली की दंडाधिकाऱ्यांचे हात बांधले जातात. मध्य प्रदेशच्या उदय सिंह प्रकरणात २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे पुन्हा स्पष्ट केलं, आणि आपल्याकडे दंडाधिकाऱ्यांना दूर ठेवणारं कलम ६१-जी आहेच. अर्ज त्या अधिकाऱ्याकडेच करायचा, आणि बँक हमीची तयारी ठेवायची. वाहन सहज सोडू नये, हा धडा कर्नाटकच्या के. कृष्णन निकालापासून (२०००) सगळ्या खात्याला पाठ आहे.

आता हद्दीवरची चार झाडं. मूळ गाठ ती आहे आणि तिथे मला खात्याची बाजू थोडी समजते. झुडपी जंगल हे नाव ऐकायला किरकोळ वाटतं. पण सर्वोच्च न्यायालयाच्या १२ डिसेंबर १९९६ च्या गोदावर्मन आदेशाने 'वन' शब्दाचा अर्थ रुंद केला, आणि २२ मे २०२५ ला सर्वोच्च न्यायालयाने पूर्व विदर्भातल्या झुडपी जंगलाच्या जमिनी त्या आदेशाप्रमाणे वनच आहेत, असं सांगून टाकलं. जुन्या वाटपांना तिथे संरक्षण दिलं, पण हद्दीपलीकडचं झाड तुमच्या मालकी प्रकरणात चुकून आलं तर ती निव्वळ कागदी चूक राहत नाही. अधिकारी सही करायला का कचरतो, याचं एक उदाहरण तर सगळ्या राज्याला ठाऊक आहे. २००६ मध्ये न्यायालयाचा आदेश डावलून आरा गिरण्यांना परवानगी दिल्याबद्दल राज्याचे माजी वनमंत्री स्वरूपसिंग नाईक आणि प्रधान सचिव अशोक खोत यांना सर्वोच्च न्यायालयाने अवमानासाठी एक महिन्याची कैद सुनावली. मंत्री आत जातो म्हटल्यावर वनपाल टीपीवर सही करताना दहा वेळा हद्द बघणारच.

पण कचरणं वेगळं आणि फाइल दाबून ठेवणं वेगळं. भूमी अभिलेखकडून हद्द कायम मोजणी करून घ्या, तातडीची फी भरून. मोजणीच्या दिवशी वनपालाला लेखी बोलवा, आला नाही तरी पोच ठेवा. चार झाडं तुमच्या हद्दीत आली तर प्रश्न मिटला. एखादं बाहेर गेलं तर त्याचे नग यादीतून वेगळे काढून द्या आणि उरलेल्या झाडांच्या मालाची टीपी स्वतंत्र मागा. चार झाडांसाठी ३४ झाडांचा माल अडवायला कायद्यात आधार नाही, हे लेखी मांडा. तरी उत्तर आलं नाही तर नागपूर खंडपीठात रिट. त्यात न्यायालयाला झाडं मोजायला सांगू नका. 'अमुक आठवड्यांत कारणांसह निर्णय द्या' एवढीच मागणी ठेवा. ती लवकर मिळते. हरित लवादाकडे जायचा सल्ला कोणी दिला असेल तर तो बाजूला ठेवा. लवादाच्या अनुसूचीत वन संवर्धन कायदा आहे, पण १९२७ चा वन अधिनियम नाही.

एक गोष्ट तुम्ही लिहिली नाही, म्हणून विचारतो. सातबारावर अनुसूचित जमातीच्या कोणाचं नाव, सहहिस्सेदार म्हणून का होईना, आहे का? असेल तर १९६९ चा आदिवासी भोगवटादारांच्या झाडविक्रीचा स्वतंत्र कायदा येतो, त्यात जिल्हाधिकाऱ्यांची भूमिका येते आणि ठेकेदाराशी परस्पर केलेला उक्ता सौदाच उडतो. हा कायदा उगाच आलेला नाही. शेजारच्या बस्तरमध्ये नव्वदच्या दशकात 'मालिक मकबूजा'च्या (खाजगी मालकीच्या झाडांच्या) नावाखाली आदिवासींचे साग कवडीमोलाने व्यापाऱ्यांच्या घशात गेले, ते प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत पोहोचलं.

ठेकेदार आगाऊ रक्कम परत मागतो आहे. उभी, तोडायला आलेली झाडं विकणं ही जंगम मालाची विक्री, त्यामुळे करार नोंदणीकृत नाही म्हणून तो पोकळ ठरत नाही. न्या. विवियन बोस यांनी १९५८ च्या शांताबाई प्रकरणात उभं इमारती लाकूड आणि वाढतं झाड यांतला फरक सुंदर समजावला आहे, कधी वाचा. टीपी येण्याआधी माल हलवणार नाही, असं कलम तुमच्या करारात असेल तर बाजी तुमची. नसेल तरी त्याच्या स्वतःच्या बेकायदा कृतीचा तोटा तो तुमच्यावर ढकलू शकत नाही. पण आज पैशाची वाटाघाट करू नका. आणि तो 'गुन्हा कबूल करून तडजोड भरू, मोकळे होऊ' म्हणतो आहे, त्या अर्जावर सही तर मुळीच नको. कलम ६८ ची तडजोड टीपीच्या चुकीपुरती ठीक असते, पण त्या अर्जातलं एक मोघम वाक्य यादीबाहेरचे दोन नगही तुमच्या गळ्यात बांधतं.

आदेश विरुद्ध गेला तर ६१-डी खाली सत्र न्यायालयात अपील, ३० दिवसांत. आदेशाची प्रत ज्या दिवशी हातात पडेल, त्या दिवशी पाकिटावर तारीख टाकून पाकीटसुद्धा जपून ठेवा. आणि जप्त माल डेपोत उघड्यावर असेल तर आच्छादनाखाली ठेवा, असा अर्ज आजच द्या. सागाचा गाभा टिकेल, पण बाहेरचा पांढरा भाग एका पावसाळ्यात किडतो आणि हातोड्याचे ठसे त्याच भागावर असतात.